नूतन कुठून बघायला सुरुवात करावी?

आमच्या टीममध्ये जुन्या हिंदी सिनेमाचा विषय निघाला की सगळे माझ्याकडे बघतात. मी कोड लिहिते, सिनेमा हा माझा धंदा नाही. पण घरात लहानपणापासून रविवारी जुने सिनेमे लागायचे आणि ती सवय पुढे टिकली, एवढ्या भांडवलावर मला ही पदवी मिळाली आहे. वर्षातून चारपाच वेळा कुणीतरी विचारतंच, "नूतनचं काय बघू?" विचारणाऱ्याला नूतन म्हणजे काजोलची मावशी आणि मोहनीश बहलची आई इतपत ठाऊक असतं. तो आधीच नेटवर एखादी यादी बघून आलेला असतो. सगळ्या याद्या सारख्याच: आधी 'बंदिनी', मग 'सुजाता', मग 'सीमा', 'मिलन', 'सरस्वतीचंद्र' आणि शेवटी 'मैं तुलसी तेरे आँगन की'.

यादीत चूक काढण्यासारखं काही नाही. 'सरस्वतीचंद्र' सोडला तर या प्रत्येक सिनेमासाठी तिला फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळालेला आहे. असे पाच पुरस्कार दुसऱ्या कुणाला मिळायला पुढची तीसेक वर्षं जावी लागली आणि ते मिळाले तेही घरातच, काजोलला. पण या क्रमाने बघणारा माणूस तिसऱ्या सिनेमात थकतो. मग मला येऊन सांगतो, "चांगली आहे गं, पण फार रडकी."

या 'रडकी'वर मी बरेचदा भांडले आहे. पण भांडताना एक गोष्ट मला कायम टोचत राहते. नूतनच्या अभिनयाबद्दल आपण जे जे कौतुकाने बोलतो, म्हणजे तिचा संयम, तिचं मौन, डोळ्यांतल्या डोळ्यांत थोपवलेलं पाणी, ते सगळं सोसणाऱ्या बाईच्या कौतुकाच्या फार जवळ जातं. मला तिचा अभिनय आवडतो की बाईने गप्प बसून सोसणं पडद्यावर सुंदर दिसतं म्हणून ते आवडतं? हा प्रश्न बाजूला ठेवून नूतनवर लिहिता येतं, बहुतेक लोक तसंच लिहितात. मला ते जमत नाही.

म्हणून विचारणाऱ्याला मी आधी 'तेरे घर के सामने' बघायला लावते. विजय आनंदचा हा सिनेमा १९६३चा, म्हणजे 'बंदिनी'च्याच वर्षाचा. दिल्लीतले दोन एकमेकांचं तोंड न बघणारे शेठ समोरासमोरच्या प्लॉटवर घरं बांधायला काढतात आणि एकच आर्किटेक्ट दोघांची घरं बांधतो. तो एकाचा मुलगा आणि दुसऱ्याच्या मुलीच्या प्रेमात. एवढीच गोष्ट. शीर्षकगीतात देव आनंदला समोरच्या ग्लासात नूतन दिसते. ग्लासात बर्फाचा खडा पडतो आणि आतली चिमुकली नूतन थंडीने कुडकुडते. ही कॅमेऱ्याची करामत आहे. म्हणजे तिने ते कुडकुडणं समोर बर्फ, ग्लास, नायक यातलं काहीही नसताना केलेलं असणार. आजच्या ग्राफिक्सवाल्या सिनेमात नट हिरव्या पडद्यासमोर उभे राहतात तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर बरेचदा 'आता इथे राक्षस येणार आहे' असं नुसतं वाचलेलं दिसतं. नूतनला खरंच गारठा लागतो, आणि गारठता गारठता ती लाजतेही.

या सिनेमात तिच्याकडे नीट बघा. विनोदी वाक्यं बहुतेक इतरांकडे आहेत. तिच्या वाट्याला येतं ऐकणं. देव आनंद आपल्या नेहमीच्या वेगाने बोलत सुटतो आणि ती ऐकते, पण त्या ऐकण्यात दर दोन शब्दांमागे काहीतरी बदलत असतं. हसू येतंय, ते दाबायचं आहे, दाबलेलं त्याला कळलंय, हे तिला कळलंय. माझे मित्र सगळं दीडपट वेगाने बघतात. मी त्यांना म्हणते, देव आनंद दीडपट वेगात चालेल, तो मुळातच तसा बोलतो. नूतनचं तसं केलंत तर तुमच्या हातात फक्त कथानक उरेल. तिचं काम दोन वाक्यांच्या मधल्या जागेत आहे आणि ती जागाच तुम्ही कापून टाकता.

हे तिने कुठून आणलं असेल? आई शोभना समर्थ ही चाळिशीच्या दशकातली 'रामराज्य'मधली सीता, घराघरातल्या तसबिरींतला चेहरा. वडील कुमारसेन समर्थ दिग्दर्शक. ४ जून १९३६चा जन्म, म्हणजे आईनेच काढलेल्या 'हमारी बेटी'त (१९५०) ती नायिका झाली तेव्हा जेमतेम चौदा वर्षांची होती. पुढच्याच वर्षी आलेल्या 'नगीना'ला प्रौढांसाठीचं प्रमाणपत्र मिळालं आणि नायिकेलाच थिएटरात आत सोडलं नाही, हा किस्सा सगळ्यांनी ऐकलेला असतो. मग स्वित्झर्लंडच्या शाळेत थोडे दिवस, आणि परत आल्यावर 'सीमा'. मायलेकींमधल्या पुढच्या कोर्टकचेऱ्यांवर गॉसिपवाल्यांनी पोटभर लिहून ठेवलं आहे. मला त्यात रस नाही.

'सीमा' (१९५५) बघताना तिच्या वयाचा विसर पडू देऊ नका. एकोणीस. चोरीचा खोटा आळ आलेली अनाथ गौरी एका आश्रमात आणून सोडली जाते आणि पहिला अर्धा सिनेमा ती नुसती संतापलेली असते. वस्तू फोडते, अंगावर धावून जाते, कुणाचंही ऐकत नाही. हिंदी सिनेमातल्या नायिकेचा राग हा सहसा रुसव्याचा धाकटा भाऊ असतो, नायकाने मनवावं म्हणून आलेला. गौरीचा राग कुणी मनवावं म्हणून नाही, तिच्यावर अन्याय झालाय म्हणून आहे. समोर बलराज साहनी आहे, जो स्वतः आवाज चढवत नाही. तो तिला जिंकत नाही, थकू देतो. मग याच मुलीला तंबोऱ्यापुढे बसवलं आहे, लताबाईंच्या आवाजातलं जयजयवंतीतलं गाणं आहे, आणि तानेच्या वेळी नूतनचा गळा बघा. गाणाऱ्याचा श्वास जिथे तुटतो तिथेच तिचा तुटतो. ओठ हलवणं वेगळं आणि हे वेगळं. ती स्वतः गायची. 'छबीली'त (१९६०) स्नेहल भाटकरांच्या चालींवर तिचाच आवाज आहे.

म्हणजे 'रडकी' ठरायच्या आधी ती संतापी होती, खट्याळ होती, 'दिल्ली का ठग'मध्ये (१९५८) किशोरकुमारबरोबर धुमाकूळ घालत होती आणि पोहण्याच्या पोशाखात पडद्यावर आली म्हणून चर्चेत होती. यादीतून हे सगळं गळून पडतं. का गळतं याला माझं उत्तर असं की पुरस्कार दुःखाला मिळतात आणि याद्या पुरस्कारांवरून बनतात.

आता 'सुजाता'. इथे मला वेळ लागणार आहे.

बिमल रॉय यांचा १९५९चा हा सिनेमा सुबोध घोष यांच्या कथेवर आहे. साथीत मेलेल्या अस्पृश्य मजुरांची तान्ही मुलगी एका ब्राह्मण इंजिनिअरच्या बंगल्यावर येते आणि तिथेच वाढते. (आमच्या व्यवसायबंधूंना हिंदी सिनेमात इतकी सज्जन भूमिका क्वचितच मिळाली आहे.) घरातली सख्खी मुलगी रमा. आणि सुजाता कोण? तर 'मुलीसारखी'. या 'सारखी'वर अख्खा सिनेमा उभा आहे. मराठी प्रेक्षकासाठी यात आणखी एक गंमत आहे: सुजाता नूतन, रमा शशिकला, आई सुलोचनाबाई आणि सोवळं पाळणारी म्हातारी ललिता पवार. बंगाली कथेतलं हे बंगाली घर चार मराठी बायकांनी चालवलेलं आहे. सुलोचनाबाईंचं काम तर यात नूतनच्या तोडीचं आहे. मुलीला जवळ घ्यायला निघालेला हात मधेच थांबतो, आणि त्या थांबण्यात दुष्टपणा नसतो, सवय असते. जात घरात कशी राहते हे त्या हाताइतकं नेमकं मी फार कमी ठिकाणी बघितलं आहे.

नूतन इथे काय करते? अंग चोरते. खोलीत शिरताना ती आधी खोलीचा अंदाज घेते, आपण इथे चालू का, हा. बसायची वेळ आली तर कडेला. रमा मात्र धाडकन येते, धाडकन बसते. दोघींच्या वागण्यातल्या फरकासाठी एकही संवाद खर्चलेला नाही. आणि ते टेलिफोनवरचं गाणं: पलीकडे सुनील दत्त तलत महमूदच्या आवाजात गातोय, अलीकडे नूतन रिसीव्हर कानाला लावून उभी. गाणं त्याचं आहे आणि बघण्यासारखं सगळं तिच्याकडे आहे. आनंद होतोय आणि त्या आनंदावर आपला हक्क नाही हे तिला माहीत आहे, दोन्ही एकाच चेहऱ्यावर.

पण प्रश्न इथेच सुरू होतो. सुजाता इतकी नम्र, इतकी कामसू, इतकी निर्मळ का आहे? ती आळशी असती, फटकळ असती, रमासारखी असती, तर तिला नाकारणं योग्य ठरलं असतं का? सिनेमा हा प्रश्न येऊच देत नाही. शेवटी आईला रक्ताची गरज पडते, सुजाताचं रक्त जुळतं आणि मग 'सारखी' गळून पडते. म्हणजे माणूस म्हणून मान्यता मिळवायला सुजाताला आधी उपयोगी पडावं लागतं. निराशेच्या क्षणी ती पावसात गांधींच्या प्रतिमेपुढे उभी राहते. १४ ऑक्टोबर १९५६ला नागपुरात बाबासाहेबांनी लाखो लोकांसह धम्मदीक्षा घेतली, त्याला हा सिनेमा आला तेव्हा तीनच वर्षं झाली होती. महाराष्ट्रात वाढलेल्या कुणालाही ती तीन वर्षं त्या पावसात दिसल्याशिवाय राहणार नाहीत. सिनेमाला ती दिसत नाहीत. त्याला सवर्ण घराचं मन पालटायचं आहे, आणि सुजाता त्या मनपालटाचं साधन आहे.

हे सगळं मान्य करूनही मी 'सुजाता' बघायला सांगते, त्याचं कारण नूतन. पटकथेने तिला बिचारी लिहिलं आहे, तिने तिला जाणती केलं आहे. आपल्याला काय समजतात हे या मुलीला खूप आधीपासून कळलेलं आहे, असं ती सुरुवातीपासून खेळते. त्यामुळे जन्माचं सत्य समजतं त्या प्रसंगात तिच्या चेहऱ्यावर धक्का कमी आणि शिक्कामोर्तब जास्त दिसतं. एक नटी पटकथेशी न भांडता तिच्या आत दुसरी पटकथा लिहिते, ती ही अशी. आता हे दलित स्त्रीच्या अनुभवाला न्याय देतं का? मला वाटतं, नाही. ते अनुभव सांगणाऱ्यांच्या लेखणीतूनच यायला हवे होते आणि पुढे आलेही. पण त्या सिनेमाच्या चौकटीत कुणी सर्वांत प्रामाणिक असेल तर ती नूतन आहे.

'बंदिनी' मी सगळ्यात शेवटी बघायला सांगते, निदान पाचव्या क्रमांकाला. दिग्दर्शक म्हणून बिमल रॉय यांचा हा शेवटचा पूर्ण सिनेमा. गोष्ट 'जरासंध' या नावाने लिहिणाऱ्या बंगाली लेखकाची, ज्यांनी तुरुंग अधिकारी म्हणून आयुष्य काढलं होतं. इंग्रजी अमदानीतला तुरुंग, खुनाच्या गुन्ह्यात शिक्षा भोगणारी कल्याणी, तिच्यावर प्रेम करणारा तुरुंगातला तरुण डॉक्टर (धर्मेंद्र), आणि भूतकाळातला क्रांतिकारक बिकाश (अशोककुमार), जो परत येतो म्हणाला आणि आला नाही. कल्याणीच्या पोस्टमास्तर वडिलांच्या भूमिकेत आपले राजा परांजपे आहेत. गुलजारांनी लिहिलेलं एक गाणंही यात आहे.

खुनाचा प्रसंग सगळ्यांना माहीत असतो, तरी लिहिते. गाव सोडून शहरात आलेली कल्याणी रुग्णालयात काम करतेय. जिची सेवा तिच्याकडे आहे ती चिडखोर, छळवादी बाई बिकाशची बायको आहे, हे तिला कळतं. तिच्या शोधात आलेले वडील अपघातात गेल्याचंही नुकतंच कळलेलं. बाहेर लोखंडावर घण पडताहेत, वेल्डिंगचा लखलखाट तिच्या तोंडावर येतोय आणि जातोय. कॅमेरा तिच्या चेहऱ्यावरून हलत नाही. एकही शब्द नाही. मी हा प्रसंग एकदा आवाज बंद करून बघितला, आवाजाने आपल्याला किती मदत केली ते तपासायला. आवाजाशिवायही त्या चेहऱ्यावर निर्णय कुठल्या क्षणी झाला ते दाखवता येतं. त्याआधी ती बघत असते. मग एका क्षणी बघणं थांबतं, डोळे उघडेच असतात पण समोरचं काही दिसत नसतं. त्यानंतर जे होतं ते नुसतं हातांचं काम. चहात विष.

मौनाची, सोशिकतेची जी नूतन आपण पूजत असतो तिने इथे माणूस मारलेला आहे. आणि नंतर तिच तो गुन्हा कबूल करते, कुणी विचारण्याची वाट न बघता. 'बंदिनी'ला सोसणाऱ्या बाईचा सिनेमा म्हणणाऱ्यांनी हा प्रसंग जणू दुसऱ्याच कुणाच्या नावावर टाकलेला असतो.

शेवटावरून मात्र आमच्या पिढीतल्या मुली चिडतात, आणि त्यांचं चुकतं असं मी म्हणणार नाही. घाटावर एकीकडे आगगाडी, जी तिला डॉक्टरच्या घरी नेणार. दुसरीकडे आगबोट, जिच्यावर क्षयाने खंगलेला बिकाश चढतोय. मागे सचिनदांचा स्वतःचा आवाज, नाविकाचं गाणं. दोन्ही पर्यायांचा तक्ता मांडला तर डॉक्टर प्रत्येक ओळीत जिंकतो: तरुण आहे, निरोगी आहे, सगळं माहीत असून स्वीकारतोय. ती धावत बोटीवर जाते. पतिव्रतेचा आदर्श, असं जुने समीक्षक म्हणत. पुरुषप्रधान मूर्खपणा, असं माझी मैत्रीण म्हणते.

मला त्या धावण्यात सेवाभाव दिसत नाही. गाणं चालू असताना नूतनच्या चेहऱ्यावर भीती आहे, आणि भीती आहे ती बोट सुटण्याची. पूर्ण सिनेमाभर ती हळू चालते, जपून चालते, तुरुंगातही आणि तुरुंगाबाहेरही. इथे शरीर आधी निघतं आणि मन मागून पोचतं. डॉक्टर तिला क्षमा करतोय, आणि ज्याने क्षमा केली त्याच्या घरात आयुष्यभर क्षमा केलेली बाई म्हणून राहावं लागतं. बिकाशबरोबर हिशेब बरोबरीचा आहे, दोघांनी एकमेकांचं आयुष्य उद्ध्वस्त केलेलं आहे. त्याच्याकडे जाण्यात ओढ आहे, शुद्ध ओढ. माझी तक्रार वेगळीच आहे. ऐन वेळी पटकथा बिकाशला निर्दोष करून टाकते: त्याने लग्न पक्षाच्या आदेशावरून केलं होतं, देशासाठी केलं होतं. हे सांगायची गरज नव्हती. तो साधा भित्रा माणूस निघाला असता आणि तरी ती धावली असती, तर तो शेवट खरा अंगावर आला असता. नूतनच्या चेहऱ्यावरून सांगते, तिला ते कारण लागत नव्हतं. ते आपल्यासाठी घातलेलं आहे.

'मिलन' आणि 'सरस्वतीचंद्र' गाण्यांसाठी बघा, त्यापलीकडे माझा आग्रह नाही. 'मैं तुलसी तेरे आँगन की' (१९७८) चंद्रकांत काकोडकरांच्या मराठी कादंबरीवरचा. त्यात ती बेचाळिसाव्या वर्षी, नायिकांना वहिनी-आईच्या भूमिकांत ढकलायच्या वयात, सिनेमा एकटीच्या खांद्यावर पेलते. पण सिनेमा स्वतः इतका बोलतो की तिला गप्प बसायला जागाच देत नाही.

त्यापेक्षा 'सौदागर' शोधा. १९७३चा, सुधेंदु रॉय यांचा. नायक 'जंजीर'च्याच वर्षातला अमिताभ. हा सिनेमा त्या वर्षी भारतातर्फे ऑस्करला पाठवला होता, आणि आता कुणाच्या यादीत नसतो. मोती खजुराचा रस काढतो, महजबीन त्याचा गूळ करते. बाजारात मोतीच्या गुळाचं नाव आहे, कारण तो महजबीनच्या हातचा आहे. मोतीला देखण्या फूलबानोशी लग्न करायचंय, मेहरसाठी पैसे हवेत. तो विधवा महजबीनशी लग्न करतो, म्हणजे गूळ फुकट होतो. हंगाम संपला, पैसे साठले, खोटा आळ घेऊन तिला तलाक. फूलबानो येते आणि तिला गूळ करता येत नाही.

इथे नूतनला हुंदके देणारा प्रसंग फारसा नाही. ती उकळत्या रसाकडे बघते आणि कधी उतरवायचा हे तिला कळतं. ज्याला आपलं काम येतं त्या माणसाचं कामाकडे बघणं पडद्यावर खोटं करता येत नाही, निदान मला तरी ते लगेच ओळखू येतं. एखाद्या माणसाच्या डोक्यात असलेलं ज्ञान कंपनीला फुकट मिळत असतं आणि तो गेल्यावर सगळे म्हणतात, अरे, हे तर तोच बघायचा. आमच्या क्षेत्रात हे दर वर्षाआड घडतं. मोतीचा धंदा तसाच बसतो. शेवटी तो रसाची मडकी घेऊन महजबीनच्या नव्या घरी येतो, एवढा गूळ करून दे म्हणून. फूलबानो त्याच्या मागोमाग आलेली असते. दोघी एकमेकींना बघतात, आणि एकमेकींच्या गळ्यात पडून रडतात. मोती मडक्यांसह उभा. मेहर कुणाची, गूळ कुणाचा, त्याला अजून कळलेलं नसतं, आणि त्या दोघी त्याला ते समजावून सांगायला थांबत नाहीत.